सुलक्षणाची ना-हरकत

सुलक्षणा मूळची सोनगीरची. किल्ल्याच्या अंगाला बापाचं शेत, दारात दोन म्हशी. गावातल्या इतर मुली बारावीनंतर डी.एड.च्या रांगेत उभ्या राहिल्या, ही धुळ्याला नर्सिंगला गेली. दहावीत असताना बैलाने मारलेल्या चुलत्याची मांडीची जखम तिने महिनाभर रोज धुतली होती. घरातल्या बाकीच्यांना ते बघवत नव्हतं, हिला काहीच वाटलं नाही. आपल्याला किळस येत नाही, म्हणजे हे काम आपलं, एवढाच हिशेब तिने केला आणि तो बरोबर निघाला.

तेविसाव्या वर्षी लग्न झालं. नवरा प्रेमराज, अमळनेरचा. बी-बियाणं आणि खतांचं दुकान, दुकानामागे घर, घरात आई भिकुबाई. प्रेमराज दारू पीत नव्हता, आवाज चढवत नव्हता. दुकानात आलेल्या माणसाला तो आधी पाणी विचारायचा. सोनगीरला सगळे म्हणाले, पोरीचं नशीब काढलं. प्रेमराजचं जे काही होतं ते दार लोटल्यानंतर होतं, आणि तेही इतक्या शांतपणे की पहिली दोन वर्षं सुलक्षणाला आपलंच काही चुकतंय असं वाटत राहिलं.

ती अमळनेरच्याच एका खासगी दवाखान्यात कामाला होती. रात्रपाळी करून पहाटे परतली की दाराला आतून कडी असायची. हाक मारली तरी कोणी उठायचं नाही. दूधवाला यायचा, तेव्हा भिकुबाई पातेलं घेऊन दार उघडायची आणि म्हणायची, "अगंबाई, तू कधीची बसलीस?" तोवर शेजारपाजारच्यांनी पांढऱ्या कपड्यातल्या सुनेला पायरीवर बसलेलं पाहिलेलं असायचं. असं आठवड्यातून तीनदा, चार वर्षं. एकदा तिचा नर्सिंगच्या नोंदणीचा दाखला सापडेना. आठ दिवस शोधला. नवव्या दिवशी प्रेमराजने तो स्वतःच कपाटातून काढून दिला. तो म्हणाला, "मला बघायचं होतं, तू कशासाठी रडतेस."

मुलगी झाली, विधी. ती अडीच वर्षांची असताना एका दुपारी प्रेमराजने सुलक्षणाचा हात मागे पिरगळून धरला होता. कारण काय, तर भाजीत मीठ. भिकुबाई मध्ये पडली. सोडवायला पडली की धरायला, हे सुलक्षणाला कधीच कळलं नाही. तिने हिसका दिला तशी सासू मागे गेली आणि ओट्याच्या कोपऱ्यावर आपटली. कपाळ फुटलं. सुलक्षणानेच रक्त थांबवलं, जखम धुतली, पट्टी बांधली, टाके पडतील म्हणून सांगितलं. मग विधीला उचललं, अंगावर होते तेवढे कपडे आणि गळ्यातली पोत घेऊन एस.टी.त बसली आणि सोनगीरला आली.

पाचव्या दिवशी पोलीस आले. फिर्याद भिकुबाईची होती. सुनेने खलबत्त्याचा बत्ता डोक्यात घातला आणि कपाटातले दागिने चोरून नेले. दागिने म्हणजे ती पोत. पट्टी कोणी बांधली, ते फिर्यादीत नव्हतं.

जामीन झाला. सुलक्षणाला उलट तक्रार द्यायची होती. बाप आडवा आला. झुलालनानांनी खाटेवर बसूनच सांगितलं, "तू उलट केस नको करू, बाई. पोरना बाप शे तो. कोरटनी पायरी वाईट."

तिने ऐकलं. पुढे कितीतरी वेळा तिला वाटलं की तिथेच चुकलं. पण तेव्हा तिच्या अंगात भांडायची ताकद नव्हती, आणि बापाने सांगितलेलं ऐकणं सोपं होतं.

जळगावला एका मोठ्या दवाखान्यात जागा मिळाली. मेहरूणला तिने एक खोली घेतली. मालकीण लाडकुंवरबाई खालच्या मजल्यावर राहायच्या, कापडाच्या व्यापाऱ्याची विधवा, स्वभावाने बऱ्या. सुलक्षणा ड्युटीवर गेली की विधी शाळेतून येऊन त्यांच्याकडे बसायची, खाखरे खायची, टीव्ही बघायची. संध्याकाळी माय-लेकी तलावाच्या काठाने फिरायच्या. अशी चार वर्षं गेली. केस अमळनेरला चालूच होती, म्हणजे तारखा चालू होत्या. दर दीड-दोन महिन्यांनी ती रजा टाकून जायची, नाव पुकारलं की "हजर" म्हणायची, पुढची तारीख घेऊन यायची. मधल्या काळात प्रेमराजने मुलीच्या ताब्यासाठी वेगळा अर्ज टाकला. सोडचिठ्ठी मात्र तो देत नव्हता. एकदा तिने विचारलं तर म्हणाला, "सोडायला मी तुला धरलंय कुठे?"

दवाखान्यात तिच्या बरोबरीला दिपमाला नावाची नर्स होती. तिनेच पहिल्यांदा जर्मनीचं काढलं. तिकडे नर्स लागतात, भाषा शिकवणारी संस्था आहे, तीच दवाखाना शोधून देते. दोघींनी नाव घातलं. सुलक्षणा पोळ्या लाटताना मोबाईलवर धडे ऐकायची. विधीलाही शब्द पाठ झाले. ती खालच्या लाडकुंवरबाईंना जर्मनमध्ये 'सुप्रभात' म्हणायची. दीड वर्षाने दोघी परीक्षा पास झाल्या. व्हिडिओवर मुलाखत झाली. तिकडच्या एका छोट्या गावच्या दवाखान्याने दोघींना घेतलं. तिथे म्हाताऱ्या माणसांचा विभाग होता. सुलक्षणाने ठरवलं, दोन वर्षं विधी सोनगीरला आजीकडे राहील, मग तिला तिकडे न्यायचं. सुलक्षणाची आई मंजुळाबाई म्हणाली होती, "पोरले मनाजोडे ठेव. मी सांभाळसू. तू जाय."

आणि खरं सांगायचं तर हे सगळं विधीसाठीच होतं असंही नाही. सुलक्षणाला जायचं होतं. जिथे आपल्याला कोणी ओळखत नाही, जिथे आपलं नाव कोणी पुकारणार नाही, अशा जागी तिला सकाळी उठून कामाला जायचं होतं. ही गोष्ट तिने कोणापाशी बोलून दाखवली नाही.

राहिला होता पासपोर्ट.

अर्ज भरून देणाऱ्या सायबर कॅफेवाल्याने एका रकान्याशी बोट थांबवलं. "ताई, फौजदारी केस चालू आहे का, विचारतात. सगळे 'नाही' करतात."

"आहे," ती म्हणाली. "'हो' करा."

त्याने तिच्याकडे वर पाहिलं आणि 'हो' केलं.

पासपोर्टच्या खिडकीवर सांगितलं, कोर्टाची परवानगी आणा. दरम्यान पोलीस चौकशीही निघाली. हवालदार मेहरूणला आला, तो जिन्यातच लाडकुंवरबाईंसमोर उभा राहून कागद वाचू लागला. "सुलक्षणा प्रेमराज. मारहाण आणि दागिन्यांची चोरी. तुमच्याच घरी राहते ना ही? वागणूक कशी आहे?"

लाडकुंवरबाई म्हणाल्या, "आम्हाला तर काही ठाऊक नव्हतं." दुसऱ्या दिवशी विधी शाळेतून आली तेव्हा खालचं दार बंद होतं. आत टीव्ही चालू होता. मुलगी जिन्यात दप्तरावर बसून राहिली. आईने संध्याकाळी विचारलं, तर म्हणाली, "आजी म्हणाल्या, आज नको. उद्याही नको."

तेव्हापासून दिपमाला आणि सुलक्षणाने पाळ्या अशा लावून घेतल्या की एकीने दुसरीच्या वेळेत मुलगी बघायची.

अमळनेरला तिचे वकील होते लीलाधर. साधा माणूस, कोर्टाच्या आवारात टेबल टाकून बसणारा, पण कामात खोटा नाही. त्यांनी समजावलं, "ताई, कोर्ट परवानगी देतं. कोर्टाने जेवढी मुदत लिहिली तेवढ्या मुदतीचा पासपोर्ट मिळतो. मुदत लिहिली नाही तर एक वर्षाचा. अर्ज टाकू. सरकारी वकिलांचं म्हणणं येईल, फिर्यादीचं येईल, मग निकाल. अवघड नाही, वेळ लागतो."

वेळ लागला. सरकारी वकील म्हणाले, फिर्यादीला विचारू. फिर्यादीचा वकील पहिल्या तारखेला आलाच नाही. दुसऱ्या तारखेला त्याने मुदत मागितली, तिसऱ्याला पुन्हा. चौथ्या तारखेला न्यायाधीश साहेब रजेवर. जूनमध्ये टाकलेला अर्ज जानेवारीत तसाच होता. दिपमालाचा पासपोर्ट केव्हाच आला होता, तिचे व्हिसाचे कागद चालले होते. संस्थेने सुलक्षणाला कळवलं, फेब्रुवारीअखेर पासपोर्टची प्रत द्या, नाहीतर तुमची जागा दुसऱ्या मुलीला जाईल.

त्या जानेवारीच्या तारखेला प्रेमराज स्वतः कोर्टात आला होता. दुपारी तो तिच्यासमोर येऊन उभा राहिला आणि म्हणाला, "चहा घेशील?"

आवाराबाहेरच्या टपरीवर त्याने दोन चहा सांगितले. तिच्या चहात साखर कमी, हे त्याला आठवत होतं.

"तुझं ते जर्मनीचं कळलं," तो म्हणाला. "चांगलं आहे. मी कशाला आडवा येऊ? पण माझी पोरगी मी सोनगीरला म्हशींत ठेवू देणार नाही. तिला माझ्याकडे दे. ताब्याच्या केसमध्ये तू लिहून दे की तुझी हरकत नाही. आई इकडे लिहून देईल की तुझ्या पासपोर्टला तिची हरकत नाही. मिटलं."

"आणि मी परत आल्यावर?"

"परत आल्यावर ती तुझीच आहे. मी काय तिला खाणार आहे?"

लीलाधर वकिलांना हे आवडलं नाही. ते म्हणाले, "दोन्ही कागद एकाच दिवशी एकाच वेळी द्या. नाहीतर देऊ नका." पण ताब्याची तारीख होती बारा फेब्रुवारीला आणि फौजदारीची एकोणीसला, आणि दोन्ही वेगवेगळ्या साहेबांपुढे. प्रेमराज म्हणाला, "सात दिवसांचा तर प्रश्न आहे. माझा शब्द आहे."

सोनगीरला झुलालनाना म्हणाले, "सही करी टाक. बापनं घर शे, जंगल नही." त्यांच्या मनात दुसरंच होतं. नात बापाकडे गेली म्हणजे आज ना उद्या लेकही मागोमाग जाईल, आणि गावात तोंड वर करून बसता येईल. हे त्यांनी बायकोला सांगितलं, आणि मंजुळाबाईने सुलक्षणाला ते फार उशिरा सांगितलं.

अकरा तारखेला तिने विधीची बॅग भरली. विधी आठ वर्षांची झाली होती. तिने विचारलं, "किती दिवस?"

"दोन वर्षं. मधे मी येईन."

"सोनगीरला ठरलं होतं."

"पप्पांकडे शाळा चांगली आहे."

विधीने आपली जर्मन शब्दांची वही बॅगेतून काढून टेबलावर ठेवली. "ही तूच ने. मला तिकडे कोणाशी बोलायचंय?"

बारा तारखेला ताब्याच्या केसमध्ये पुरसीस दिली. पुरसीस म्हणजे कोर्टाला लिहून द्यायचं निवेदन. दहा ओळी. मी माझ्या राजीखुशीने, कोणाच्याही दबावाशिवाय, मुलीचा ताबा वडिलांकडे देत आहे. दर दुसऱ्या व चौथ्या रविवारी दोन तास मला भेटू द्यावे. साहेबांनी विचारलं, "समजून सही केली ना?" ती म्हणाली, "हो."

बाहेर व्हरांड्यात भिकुबाई थांबली होती. तिने विधीची बॅग घेतली, तिथेच बाकड्यावर उघडली आणि एकेक कपडा काढून सुलक्षणाच्या हातावर ठेवायला सुरुवात केली. नवीन स्वेटर, दोन फ्रॉक, शाळेचे मोजे. "हे आमच्याकडे लागणार नाही," ती म्हणाली. "आम्ही आमच्या लेकराला आमचं घालू." शेवटी बॅगेत फक्त कंपासपेटी राहिली. विधी बघत होती. मग मुलीच्या केसांतल्या दोन पिनाही तिने काढल्या. केस ओढले गेले तशी विधी "आई" म्हणाली. भिकुबाई म्हणाली, "चल, आजी आहे ना."

बाकड्यावर बसलेले लोक बघत होते. कोर्टाच्या व्हरांड्यात लोक याहून वाईट बघतात.

एकोणीसला सुलक्षणा सकाळी दहालाच हजर. प्रेमराज आला, भिकुबाई आली, त्यांचा वकील आला. पुकारा झाला. फिर्यादीच्या वकिलाने चार पानं पुढे केली आणि सोबत एक नक्कल जोडली. नक्कल बारा तारखेच्या पुरसीसची होती.

तो शांतपणे बोलला. सदर आरोपी नवऱ्यापासून वेगळी राहते. तिच्या नावावर जमीन नाही, घर नाही. एक मुलगी होती, तिचाही ताबा तिने गेल्या आठवड्यात राजीखुशीने सोडून दिलेला आहे. पोटच्या मुलीला जी सोडू शकते, ती या कोर्टाच्या तारखेला परदेशातून परत येईल यावर विश्वास कसा ठेवायचा? फिर्यादीची सक्त हरकत आहे.

लीलाधर वकील उठले. त्यांनी ठरलं काय होतं ते सांगितलं. साहेबांनी विचारलं, "असा लेखी करार आहे?"

"लेखी नाही, साहेब."

सुलक्षणाला वाटलं आपण काहीतरी बोलावं. तिने हात वर केला, शाळेत करतात तसा. साहेब म्हणाले, "तुमचे वकील बोलतायत." तिने हात खाली घेतला.

निकाल तीन दिवसांनी आला. लीलाधर वकिलांनी तिला फोनवर वाचून दाखवला. मधली एक ओळ त्यांनी गाळायचा प्रयत्न केला, पण तिने नक्कल मागवून घेतली. 'अर्जदार आरोपी हिला भारतात परत येण्यास भाग पाडेल असे कोणतेही कौटुंबिक बंधन शिल्लक राहिल्याचे दिसून येत नाही. सबब अर्ज नामंजूर.'

ती तशीच अमळनेरला दुकानावर गेली. प्रेमराज एका शेतकऱ्याला कपाशीच्या वाणाचं पाकीट दाखवत होता. त्याने तिला स्टूल दिलं, पाणी विचारलं. शेतकरी गेल्यावर म्हणाला, "बोल."

"तुम्ही शब्द दिला होता."

"मी दिला होता. फिर्याद माझी आहे का? आईची आहे. आईने शब्द दिला नव्हता."

"विधीला बोलवा."

"आज कुठला रविवार आहे?"

गुरुवार होता. आतून पाट्यावर काहीतरी वाटल्याचा आवाज येत होता, आणि मध्ये एकदा विधीचा खोकला ऐकू आला. सुलक्षणा उठून आतल्या दाराशी गेली. कडी आतून होती. तिने हाक मारली. खोकला थांबला. दार उघडलं नाही. प्रेमराज मागून म्हणाला, "तमाशा करू नकोस. लिहून दिलंयस तू. उद्या हेही कोर्टात दाखवावं लागेल मला."

मार्चमध्ये दिपमाला गेली. सुलक्षणाची जागा केरळच्या एका मुलीला मिळाली. दिपमालाला गाडीत बसवायला ती जळगाव स्टेशनवर गेली होती, तिने तिच्या बॅगा चढवून दिल्या, डब्यात पुरणपोळ्या दिल्या. गाडी हलल्यावर तिला एवढंच वाटलं की आता दुपारपाळी बदलून देणारं कोणी राहिलं नाही. मग लक्षात आलं, बदलून घ्यायचं कारणही नाही.

लीलाधर वकील चिवट होते. त्यांनी वरच्या कोर्टात दाद मागितली. ताबा परत मिळावा म्हणूनही अर्ज टाकला. ताब्याच्या अर्जावर लगेच सांगण्यात आलं की राजीखुशीने दिलेला ताबा दोन महिन्यांत परत मागायला तसंच कारण लागतं, आणि मुलगी वडिलांकडे नीट आहे, शाळेत जाते, वजन वाढलंय. पासपोर्टचं मात्र सप्टेंबरात झालं. वरच्या साहेबांनी अर्ध्या तासात ऐकून घेतलं, खालचा हुकूम रद्द केला आणि परवानगी दिली. मुदत लिहिली नव्हती, म्हणून पासपोर्ट एक वर्षाचा आला. संस्थेला तिने फोटो काढून पाठवला. तिकडून उत्तर आलं, एवढ्या कमी मुदतीवर काम होणार नाही, पूर्ण मुदतीचा मिळाला की कळवा, तुमच्यासारख्या नर्स आम्हाला हव्याच आहेत.

दर दुसऱ्या आणि चौथ्या रविवारी ती अमळनेरला जात होती. भेट दुकानात व्हायची, घरात नाही. खतांच्या थप्प्यांमध्ये दोन स्टुलं मांडलेली असायची. प्रेमराज गल्ल्यावर बसलेला असायचा. पहिल्या महिन्यात विधी रडायची, मांडीत घुसायची, मेहरूणला ने म्हणायची. आई म्हणायची, "थोडे दिवस." तिसऱ्या महिन्यात रडणं थांबलं. सहाव्या महिन्यात विधीने विचारलं, "तू सही केलीस ना? पप्पांनी दाखवली."

"केली."

"तुला कोणी मारलं होतं का सही करताना?"

"नाही."

"मग?"

सुलक्षणाने सांगायचा प्रयत्न केला. पासपोर्ट, दोन तारखा, शब्द. आठ-नऊ वर्षांच्या मुलीला सांगताना ते सगळं फार लांबलचक झालं, आणि गल्ल्यावरचा माणूस ऐकत होता. विधीने ऐकून घेतलं आणि म्हणाली, "म्हणजे तुला जायचं होतं." यावर खरं उत्तर 'हो' होतं. सुलक्षणा खोटं बोलू शकली असती. ती गप्प राहिली.

त्यानंतरच्या कुठल्यातरी रविवारी विधी तिला 'तुम्ही' म्हणू लागली. "तुम्ही पाणी घेणार का?" आईला 'तुम्ही' म्हणायचं कोणी शिकवलं, हे विचारायची गरज नव्हती. भिकुबाई आतून ओरडून सांगायची, "विधी, बाईंना चहा विचार." मुलगी विचारायची. आवाजात राग नव्हता. राग असता तर बरं झालं असतं, असं सुलक्षणाला एस.टी.त बसल्यावर वाटायचं.

यंदाच्या ऑगस्टात मारहाणीच्या केसमध्ये भिकुबाईची साक्ष निघाली. सात वर्षांनी. ती पिंजऱ्यात उभी राहिली, शपथ घेतली. सरकारी वकिलांनी विचारलं, "आरोपीने तुमच्या डोक्यात बत्ता मारला का?"

"नाही," भिकुबाई म्हणाली. "माझा पाय सरकला. ओट्यावर पडले."

"मग फिर्यादीत बत्ता कसा आला?"

"पोलिसांनी लिहिला असेल. मला वाचता येत नाही."

"दागिने?"

"तिचीच पोत होती ती."

सरकारी वकिलांनी साक्षीदार फितूर झाल्याची नोंद मागितली, पुढच्या तारखेला निकाल लागला, निर्दोष. लीलाधर वकील खूश होते. व्हरांड्यात सुलक्षणाने भिकुबाईला गाठलं. दोघींच्या मध्ये एक बाकडं होतं. कपाळावरचा व्रण पांढरा पडून सुरकुतीत मिसळून गेला होता. टाके चांगले बसले होते, हे सुलक्षणाच्या नजरेने टिपलंच.

"हेच सात वर्षांपूर्वी सांगितलं असतं तर?" ती म्हणाली.

भिकुबाईने पदर सारखा केला. "तेव्हा लेकरू तुझ्यापाशी होतं," ती म्हणाली, आणि पायऱ्या उतरून गेली.

निकालाची नक्कल जोडून सुलक्षणाने पुन्हा अर्ज केला. या वेळी त्या रकान्यात 'नाही' लिहायचं होतं. पोलीस चौकशीला दुसरा हवालदार आला, त्याने सही घेतली आणि गेला. पंधरा-वीस दिवसांत पोस्टमनने पासपोर्ट आणून दिला, दहा वर्षांचा. लाडकुंवरबाई जिन्यात भेटल्या, म्हणाल्या, "सिस्टर, मिटलं ना सगळं? मला वाटतच होतं, तुम्ही तशा नाहीत." आणि बशीभर शेव दिली.

संस्थेचा फोन आला. दिपमालाचाही आला, ती तिकडे रुळली होती. ती म्हणाली, "आता एक दिवस थांबू नकोस. काय उरलंय तुझं तिथे?" सुलक्षणा म्हणाली, "कळवते." संस्थेला तिने दोन दिवसांनी कळवलं की सध्या जमणार नाही. का, ते सांगितलं नाही. सांगण्यासारखं होतं काय, महिन्यातले चार तास, तेही खताच्या दुकानात, तेही अशा मुलीबरोबर जी तिच्याकडे पाहुण्याकडे बघावं तसं बघते. पण एक रविवार चुकला तर प्रेमराज तो लिहून ठेवणार, दोन चुकले तर कोर्टात दाखवणार, हे ती आता पक्कं शिकली होती. आणि न दाखवलं तरी विधी मोजणार होतीच.

परवाच्या चौथ्या रविवारी ती गेली तेव्हा दुकानात गर्दी होती. रब्बीची खरेदी चालू होती. विधी स्टुलावर बसून गणितं सोडवत होती. सुलक्षणा समोरच्या पोत्यांच्या थप्पीला टेकून बसली. प्रेमराजने गल्ल्यावरून विचारलं, "पासपोर्ट आला म्हणे. मग कधी निघतेयस? आता तर कोणाचीच हरकत नाही."

गिऱ्हाइकांतला एकजण म्हणाला, "कुठे चाललात ताई?"

"कुठे नाही," ती म्हणाली.

तिने विधीच्या वहीकडे पाहिलं. भागाकार चुकत होता, वजाबाकीत हातचा घ्यायचा राहिला होता. ती पुढे वाकली आणि बोट ठेवून म्हणाली, "इथे बघ जरा." विधीने वही आपल्याकडे ओढली. मग पोतं काढायला आलेल्या हमालाकडे पाहून ती आईला म्हणाली, "तुम्ही जरा सरकता का? काकांना ते पोतं काढायचंय."

सुलक्षणा उठली. हमालाने पोतं पाठीवर घेतलं. ती बाजूच्या थप्पीवर जाऊन बसली. अजून पंचेचाळीस मिनिटं बाकी होती.